दुसरीची खूण

“काना.”

“मात्रा.”

“आई, तो पेंटर शिडीवर उभा आहे.”

“मग त्याला म्हणावं उतर. पाय दुखतील बिचाऱ्याचे.”

“उतरला तर जाईल दुसऱ्याचा बोर्ड रंगवायला आणि माझा राहील अर्धा. सगळं नाव लिहून झालंय त्याचं. दुसऱ्या अक्षरापुढे जागा सोडून खोळंबलाय. काना आला तर जागा लागते म्हणतो, मात्रा आली तर ती डोक्यावर बसते.”

“बसू दे. इतकी वर्षं बसलीच आहे ना.”

“तेच म्हणतेय मी. इतकी वर्षं डोक्यावर बसलीय, आता तरी उतरव.”

वाफेच्या धुलाईतली, म्हणजे गावातल्या स्टीम लाँड्रीतली, ही रस्त्याकडची खोली. खिडकीपाशी एक लांब टेबल आणि टेबलाच्या दोन बाजूंना मायलेकी अशा जुंपलेल्या. आई बसलेली, मांडीवर कुणाचा तरी सदरा, हातात सुई, सुईत लाल दोरा. लेक उभी, गळ्यात मापाची टेप, कारण रस्त्यापलीकडच्या आपल्या नव्याकोऱ्या दुकानातून ती तशीच तरातरा निघून आली होती. तिथे ती कपडे शिवून देणार होती, तेही स्वतःच्या नावावर. आणि घोडं अडलं होतं ते नेमकं नावावर.

आईला धुलाईत सगळे खूणबाई म्हणत. लेकीला सगळं गाव मात्रा म्हणे, आणि का म्हणे ते एव्हाना ध्यानात आलंच असेल. तिच्या नावाच्या दुसऱ्या अक्षराला जिथे काना असायला हवा तिथे मात्रा होती. शाळेच्या पहिल्याच दिवशी बाईंनी फळ्यावर तिचं नाव काना देऊन लिहिलं. एवढीशी पोर उठली, काना तळहाताने पुसला, टाचा उंचावून मात्रा दिली आणि जागेवर जाऊन बसली. तेव्हापासून ती मात्रा. खरं नाव घ्यायची वेळच कुणावर फारशी येत नसे.

“नाव तू एकदाच ठेवलंस,” मात्रा म्हणाली, “पण लोक अजून नावं ठेवताहेत. अर्थ काय, अर्थ काय. शाळेत सांगितलं, नदीचं नाव आहे. कुठली नदी विचारलं तर म्हटलं, आटली. शिवणाच्या वर्गात सांगितलं, डोंगरावरचं फूल आहे. दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंना सांगितलं, जुन्या भाषेत ‘शांत स्वभावाची’ असा अर्थ होतो. त्यांनी माझ्याकडे एकदा बघितलं आणि पुढच्या पेशंटला हाक मारली.”

खूणबाईला हसू आलं. तिने ते सदऱ्याच्या कॉलरमध्ये दाबलं.

“हसू नकोस. काना दिला की त्याच नावाला अर्थ येतो. पहाटेची पहिली झुळूक. तूच सांगितलंयस मला.”

“झुळकेवर दुकान चालत नाही.”

“आणि चुकीच्या नावावर चालतं? लोक म्हणतील, हिला स्वतःचं नाव धड लिहिता येत नाही, ही आपली मापं काय लिहिणार? आई, तुझ्याकडून चुकलं असेल तर चुकलं म्हण. तेव्हा तू लहान होतीस, नुकती लिहायला शिकली होतीस, गेला एक काना इकडचा तिकडे. मी काही फाशी देणार नाही तुला.”

“चुकलं नाही.”

“मग एक कारण सांग. एकच. पटलं तर मात्रा ठेवते आणि जन्मभर ब्र काढणार नाही.”

खूणबाईने दोरा दातांनी तोडला, सुई कुशनमध्ये खोचली, सदरा झटकला, घडी घातली, घडीवरून हात फिरवला. एवढं सगळं करूनही लेक तिथेच उभी होती.

“आहे तसं असू दे,” ती म्हणाली.

“हे कारण नाही. हा हट्ट आहे.”

मात्रा गेली. जाताना तिने दार आपटलं नाही, कारण ते दार वाफेने फुगलेलं होतं आणि आपटायचं म्हटलं तरी आपटत नसे. खिडकीतून खूणबाईला रस्ता ओलांडणारी लेकीची पाठ दिसली आणि मग आवाज ऐकू आला.

“द्या हो काका. काना द्या.”

कारण होतं. पण ते असं होतं की तोंडातून बाहेर काढलं तर घरात येऊन बसेल आणि मग जायचं नाव घेणार नाही, अशी खूणबाईची समजूत होती.

ती धुलाईत कामाला लागली तेव्हा तिचं काम कपडे धुणं नव्हतं, इस्त्री तर नव्हतीच. तिचं काम होतं धुवायला आलेल्या प्रत्येक कपड्यावर, आतल्या बाजूला, कुणाला दिसणार नाही अशा जागी लाल दोऱ्याने खूण घालणं. कुणाचे दोन टाके आडवे, कुणाची फुली, कुणाचं नुसतं पहिलं अक्षर. भट्टीत सगळ्यांचे कपडे एकत्र उकळत. तिथे साहेबाचा सदरा आणि साहेबाच्या ड्रायव्हरचा सदरा एकमेकांच्या गळ्यात गळा घालून फिरत. बाहेर आले की ज्याचा त्याला गेला पाहिजे, आणि तो पाठवणार खूण.

तिला हे शिकवणारी मोठी बाई होती. तिच्या हाताखाली खूणबाई तयार झाली. मोठ्या बाईचा एक नियम होता. एक खूण एकालाच. नवं गिऱ्हाईक आलं आणि त्याची खूण आधीच्या कुणाच्या खुणेसारखी निघाली, तर नव्याच्या खुणेत एक टाका बदलायचा. एकच, पण नक्की. “त्याला म्हणायचं दुसरीची खूण,” मोठी बाई म्हणे. “का बदलायची? हिचं तिला जाऊ नये, तिचं हिला येऊ नये. दुसरं काही नाही त्यात. दुसरी म्हणजे कमी नव्हे. दुसरी म्हणजे वेगळी.”

एका घरातून मात्र फर्मान आलं होतं की आमच्या लेकीच्या कपड्यांवर फुल्याबिल्या नकोत, तिचं आख्खं नाव घाला. त्या घरच्या आईची ती एकुलती एक लेक असावी, आणि हौस दांडगी. खूणबाईने ते नाव पहिल्यांदा दोऱ्याने लिहिलं एका हाताएवढ्या झबल्यावर. मग पेटीकोटवर, फ्रॉकवर, झोपायच्या सदऱ्यावर. ते घर तिने कधी पाहिलं नाही, ती पोरही नाही. पण कपडे येत आणि कपडे बोलत. पोर डावखुरी होती, कारण शाई कायम डाव्या बाहीला. उजवा गुडघा कायम फाटलेला. फ्रॉकच्या मागे, बसायच्या जागी, एक गडद तपकिरी, चिकट डाग येई, तो कशाचा ते काही केल्या कळत नसे. चिखल नव्हे, गूळ नव्हे, तेल नव्हे. साबणाने जात नसे, सोड्याने जात नसे, शेवटी टर्पेंटाइनने जाई. दर आठवड्याला तो डाग आणि दर आठवड्याला खूणबाईचं तेच बोलणं: “काय गं बये, बसतेस तरी कशावर?”

नाव तिला भारी आवडलं होतं. गठडी आणणाऱ्या गाडीवाल्याला तिने अर्थ विचारला. त्याने छकड्याला टेकून, बिडी विझवून, फार विचार केल्यासारखं करून सांगितलं: पहाटेची पहिली झुळूक. त्या दिवसापासून तिच्या मनात पक्कं झालं. तिला तेव्हा दिवस गेले होते. मुलगी झाली तर हेच.

मग गावात तापाची साथ आली. तापाच्या घरचं गठडं पांढरी चिंधी बांधून वेगळं येई, वेगळं उकळलं जाई. आणि धुलाईत एक पद्धत होती की चिंधीच्या गठड्याबद्दल कुणी काही विचारायचं नाही. घर कुणाचं, आजारी कोण, बरं आहे का. विचारलं की ताप माग काढत येतो, असं सगळ्याच बाया मानत. मोठ्या बाईने तर खूणबाईला बजावून ठेवलं होतं: “तू पोटुशी आहेस. तू कानही देऊ नकोस.”

एके दिवशी त्या घरचं गठडं आलं चिंधी बांधून. त्यात छोटे झोपायचे सदरे, घामाने ताठ झालेले, आणि चादरीच चादरी. त्यानंतर आलेल्या गठड्यात मोठ्यांचेच कपडे होते. त्याच्या पुढच्यातही. फ्रॉक नाही, पेटीकोट नाही, तपकिरी डाग नाही. मग ते घरच धुलाईत कपडे पाठवायचं थांबलं. गाडीवाल्याने दुसरीकडे काम धरलं. विचारायला कुणी उरलं नाही, आणि उरलं असतं तरी खूणबाईने विचारलं नसतं. कपड्यांनी सांगितलं ते तिला कळलं होतं.

तिने मनातल्या मनात त्या पोरीला नाव दिलं होतं, पहिली. पहिली गेली, असं तिने धरलं आणि भट्टीच्या आडोशाला उभं राहून ती रडली. सगळ्यांना वाटलं, वाफेने डोळे झोंबले.

मग हिचा जन्म झाला. नाव तर जिभेवर येऊन बसलेलं. दुसरं एकही नाव त्या चेहऱ्याला चिकटेना. आणि तेच द्यावं तर गेलेल्या मुलीचं नाव जिवंत मुलीला. जे तिला न्यायला आलं होतं ते उद्या त्याच खुणेवर हिच्यापर्यंत आलं तर? नवरा धुलाईत इस्त्रीवर होता, साधा माणूस. म्हणाला, “लिहायला तुला येतं, तूच काय ते लिही.” खूणबाईने लिहिलं. काना काढला, मात्रा दिली. एकच टाका, पण नक्की. हिचं तिला जाऊ नये, तिचं हिला येऊ नये.

पोरीला गोवर आला, खूणबाईला वाटलं, आलं. पोर विहिरीच्या काठावर चढली, वाटलं, आलं. पुढे नवरा छातीच्या दुखण्याने गेला तेव्हासुद्धा ती स्मशानातून परतलेल्यांच्या मागे बसलेल्या लेकीकडेच बघत होती. पोर धडधाकट वाढली, तोंडाने तिखट झाली, शिवण शिकली, कुणाची भीड ठेवीनाशी झाली. सगळं त्या मात्रेमुळे, असं आईला वाटे. आणि आता तीच मात्रा पेंटर काकांच्या एका फटकाऱ्याने गेली होती.

संध्याकाळी घरी जाताना खूणबाई मागच्या गल्लीने गेली. बोर्ड बघायला लागू नये म्हणून. तरी गल्लीच्या तोंडाशी पेंटरने तिला गाठलंच. “मावशी, झकास झालाय बोर्ड. कान्याला जरा जास्तच रंग लागला, शेवटी दिला ना. हवा दमट आहे, दोन दिवस हात लावू देऊ नका कुणाला.”

ती घरी पोचते न पोचते तोच शेजारीण सांगत आली, मात्राच्या बोटातून मशीनची सुई आरपार गेली.

खूणबाई पळाली. मागच्या गल्लीने नव्हे, भर रस्त्याने, बोर्डाखालून. दुकानात मात्रा स्टुलावर बसली होती, बोट वर धरून, तोंड कडू करून. सुई नखाच्या कडेतून गेली होती, निघालीही होती, रक्त थांबत आलं होतं. शिवणाऱ्या बायकांच्या जन्मात हे एकदा तरी होतंच. पण खूणबाईने पट्टी दोनदा उलटीच गुंडाळली, शेवटी ती मात्रालाच स्वतः बांधून घ्यावी लागली.

“अगं, सुई आहे,” मात्रा म्हणाली. “तलवार नाही. पाणी पी.”

“मी म्हटलं होतं. म्हटलं होतं, असू दे तशीच.”

“बोर्डाचा आणि सुईचा काय संबंध?”

आणि मग तोंडाचं कुलूप निघालं. मशीनवर अर्धवट शिवलेली बाही तशीच लोंबत होती, रस्त्यावर दिवे लागत होते आणि खूणबाई जमिनीवर बसून सांगत होती. झबलं, डावी बाही, तपकिरी डाग, चिंधी, गाडीवाला, सगळं. मात्रा मधे एकदाही बोलली नाही. हे इतकं नवीन होतं की खूणबाई दोनदा थांबली आणि “ऐकतेस ना?” म्हणाली.

“म्हणजे मी गेलेल्या मुलीचं उरलेलं नाव घालून फिरतेय,” मात्रा शेवटी म्हणाली.

“उरलेलं नाही गं. आवडलेलं.”

“आणि मी फळ्यावरचा काना पुसला, तेव्हा तुला काय वाटलं होतं?”

“जीव भांड्यात पडला होता.”

मात्राने पट्टी बांधलेलं बोट गालाला लावलं. “ती गेली हे तू पाहिलंस?”

“कपडे यायचे थांबले.”

“मी उद्या सगळे कपडे घरी धुतले तर धुलाईत माझेही थांबतील. तेवढ्यावरून मला पोचवू नका म्हणजे झालं.”

“तुला नाही कळायचं. कपडा खोटं बोलत नाही.”

“कपडा बोलतच नाही, आई. बोलतेस तू.” पण हे ती हळू म्हणाली. मग उठली, मशीनवर झाकण घातलं, दिवा मालवला, आणि बोर्डाखालून जाताना वर बघायचं दोघींनीही टाळलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी खूणबाई आपल्या टेबलाशी होती. हल्ली खुणा घालायचं काम मशीनने गरम शिक्का मारून होई, आकड्यांचा. तिच्याकडे उरलं होतं उसवलेलं शिवणं आणि हट्टी डाग काढणं. टेबलामागच्या फळीवर बाटल्यांची रांग होती, शाईची वेगळी, तेलाची वेगळी, रंगाची वेगळी.

फुगलेलं दार कुरकुरलं. मात्रा आत आली आणि तिच्या मागोमाग एक बाई, मात्राहून जराशी मोठी, केसांचा कसाबसा अंबाडा, खांद्याला कापडी पिशवी.

“आई, या ताईंचा एक डाग बघतेस?” मात्रा म्हणाली. एवढंच. आणि दाराशी उभी राहिली. लहानपणी दगडाखालचा बेडूक दाखवायला बोलावताना व्हायचा तसा तिचा चेहरा झाला होता.

“नमस्कार मावशी,” बाई म्हणाल्या. “तुमच्या मुलीनं ओढतच आणलं मला. मी गेले होते तिच्याकडे ब्लाउजचं विचारायला, म्हणजे खरं तर बोर्ड बघून गेले. आणि ही म्हणते, आधी डाग काढा.” त्यांनी हात पुढे केला. “मी शाळेत चित्रकला शिकवते. पोरांपेक्षा मीच जास्त बरबटते. हा निळा निघेल का?”

बाही पुढे आली होती ती डावी.

खूणबाईने डाग पाहिला. मग बाही पाहिली. मग हात. मग वर चेहरा.

“तुम्ही डावखुऱ्या,” ती म्हणाली.

“जन्मापासून. आईनं फार प्रयत्न केले उजवीकडे वळवायचे.”

“आणि उजवा गुडघा?”

“काय?”

“उजवा गुडघा कायम फुटलेला असायचा का, लहानपणी?”

बाईंनी मात्राकडे पाहिलं. मात्राने खांदे उडवले, जणू तिला यातलं काहीच माहीत नाही. “असायचा,” बाई हळूच म्हणाल्या. “अजून वण आहे. तुम्हाला कसं…”

“थांबा,” खूणबाई म्हणाली. “एकच विचारते. फ्रॉकला मागून एक डाग असायचा. तपकिरी. चिकट. बसायच्या जागी.”

त्यावर बाई जरा लाजल्या, चाळिशीकडे झुकलेली बाई लाजावी तशा. “अहो, आमच्या घराला मोठा जिना होता, त्याला लाकडी कठडा. मी पायऱ्यांनी कधी उतरलेच नाही. कठड्यावर बसायचं आणि सुटायचं. खाली आपटायचं ते उजव्या गुडघ्यावर. कठड्याला पॉलिश असायचं ना, ते सगळं माझ्या फ्रॉकला. आई म्हणायची, तू उतरतेस आणि कठडा उजळतो.”

“पॉलिश,” खूणबाई म्हणाली.

“हो.”

“लाकडाचं पॉलिश.” ती खुर्चीवर मागे टेकली. “मी गूळ म्हटलं, डांबर म्हटलं, कसला तरी डिंक म्हटलं. पॉलिश. म्हणून टर्पेंटाइनने जायचं.” आणि ती हसायला लागली. हसता हसता तिचे डोळे भरून वाहायला लागले आणि आज वाफेचं निमित्तही नव्हतं, कारण भट्टी बंद होती. “अगं बये, मग बसायचीस ती कठड्यावर. मी विचारून विचारून थकले. आणि तू जिवंत आहेस.”

अहोजाहो कुठल्या कुठे गळून पडलं होतं, दोघींच्याही ध्यानात आलं नाही.

बाईंनी स्टूल ओढलं. बोर्डावर आपलंच नाव बघून त्या दुकानात शिरल्या होत्या आणि मात्राने थोडं त्यांना वाटेतच सांगितलं असावं, पण सगळं नव्हतं सांगितलं. “ताप आला होता मला,” त्या म्हणाल्या, “चांगला सणकून. उतरला, पण गावात साथ होती म्हणून बाबांनी मला मावशीकडे धाडलं, दुसऱ्या गावी. तिथे मला इतकं आवडलं की मी परत यायचं नावच काढेना. शेवटी आईबाबाच बिऱ्हाड हलवून तिकडे आले. माझ्यावाचून करमेना त्यांना. बस, एवढंच झालं.”

“एवढंच,” खूणबाई म्हणाली. पदराने तोंड पुसलं, पुन्हा म्हणाली, “एवढंच झालं होतं.”

“आणि तुम्ही इतकी वर्षं मला मारून बसलात.”

“कपड्यांनी सांगितलं म्हणे,” मात्रा दारातून म्हणाली.

“तू गप्प बस.”

“बसते. पण ताई, तुम्ही एक सांगा. तुमच्या नावाचा अर्थ सांगा हिला. म्हणजे बोर्डाचं भांडण मिटेल. पहाटेची पहिली झुळूक, बरोबर?”

चहात साखर नाही हे कसं सांगावं म्हणून माणूस पाहुण्यांकडे पाहतो तसं बाईंनी मात्राकडे पाहिलं. “कुणी सांगितलं हे?”

“गाडीवाल्याने,” खूणबाई म्हणाली. “गठडी आणायचा तो.”

“छान आहे. मी हेच सांगत जाईन आता. कारण खरं सांगू का, मला कुणी विचारलं तर मी म्हणते, एका ताऱ्याचं नाव आहे. कुठला तारा विचारलं तर म्हणते, इथून दिसत नाही.”

“मग खरा अर्थ?”

“नाही गं. अर्थबिर्थ काही नाही. मी व्हायच्या आदल्या दिवशी बाबा नदी ओलांडून येत होते. ज्या होडीत बसले तिच्या कडेला हे लिहिलेलं. त्यांना आवडलं. नावेवरचं नाव. बाबांनी त्या नावाड्याला अर्थ विचारला तर तो म्हणाला, मला काय माहीत, मी जुनी विकत घेतली.”

मात्राचं तोंड उघडं होतं. तिच्या दुकानाच्या डोक्यावर, ओल्या रंगात, जुनी विकत घेतलेली होडी लटकत होती.

“म्हणजे काना दिला तरी अर्थ नाही,” ती म्हणाली.

“कान्याला नाही,” बाई म्हणाल्या. “तुझ्या मात्रेचं काय ते मला नाही माहीत. ती कुठून आली?”

खूणबाईने सांगितलं. मोठी बाई, एक खूण एकालाच, नव्याच्या खुणेत एक टाका. “हिचं तिला जाऊ नये,” ती म्हणाली, “तिचं हिला येऊ नये. मोठी बाई म्हणायची, दुसरी म्हणजे कमी नव्हे, दुसरी म्हणजे वेगळी.”

“मग अर्थ आहे की,” बाई म्हणाल्या. “आपल्या दोघींत अर्थ असलेलं नाव एकटं तुझ्याच वाट्याला आलंय.” मग हसून म्हणाल्या, “आता मात्र घोटाळा होणार. मी इथेच बदली घेतलीय, मागच्याच गल्लीत राहायला आलेय. तुझी मापाची गिऱ्हाइकं माझं दार वाजवतील आणि माझे शाळेतले तुझ्याकडे चित्रं आणून देतील. पण माझी काही हरकत नाही हं. बोर्ड तसाच असू दे. एका नावाच्या दोघी असल्या म्हणून आभाळ कोसळत नाही.”

“असू दे तसाच,” खूणबाईही म्हणाली. आणि हे म्हणताना तिला स्वतःलाच नवल वाटलं, कारण ते खरं होतं. आत हात घालून बघितलं तर भीतीच्या जागी काही नव्हतं. इतक्या वर्षांची बसलेली होती, पण उठून गेली होती, जागा गरम ठेवून. “तू म्हणत होतीस ना काना? घे काना. मला आता कशाची धास्ती नाही. इतके पैसे घालून बोर्ड केलास, झकास झालाय म्हणे. मी काही बघितला नाही अजून. आता येताना समोरून येईन. काय? ठेवू या ना काना?”

मात्रा दारातून आत आली, टेबलाला वळसा घालून आईच्या मागे गेली, फळीवरच्या बाटल्या एकेक करून हलवल्या. एकीचं बूच काढून वास घेतला, नाक मुरडलं, बूच पुन्हा लावलं. खालच्या टोपलीतून चांगला जाड फडका उपसला.

“अगं, ती कुठे नेतेस?” खूणबाई म्हणाली. “ती टर्पेंटाइनची आहे. बोटाला लावायची नाही ती, झोंबेल. रंगाच्या डागाची आहे.”

मात्राने फडका खांद्यावर टाकला, बाटली काखेत मारली, पट्टी बांधलेल्या बोटाने ते फुगलेलं दार लोटलं आणि रस्ता ओलांडून बोर्डाकडे निघाली.